बिशपची पोथी आणि काशीचा गडू

मी बोलते, सूनबाई लिहिते. मला अक्षर येत नाही आणि तिला गप्प बसता येत नाही, तेव्हा जोडी बरी जमली. हा ब्लॉग तिचा. कुठे जावं, काय खावं, गाडी कुठे लावावी असं ती लिहिते आणि लोक वाचतात म्हणे. या खेपेला म्हणाली, "आई, तुम्ही सांगा, मी जसंच्या तसं उतरवते." बघू.

माझा मुलगा अजित आयर्लंडात, ड्रोहेड्याच्या दवाखान्यात डॉक्टर आहे. यंदा मी कराडहून त्याच्याकडे राहायला गेले, आणि पहिल्याच दिवशी घोळ झाला. वृषाली, म्हणजे सूनबाई, माझी बॅग उपसायला बसली आणि नऊवारीच्या घडीतून काशीचा गडू निघाला. तांब्याचा, डाख देऊन तोंड बंद केलेला, आत गंगा. माणूस जायला लागलं की फोडायचा आणि दोन थेंब तोंडात घालायचे. आमच्या देव्हाऱ्यात तो कैक वर्षं बसून होता. म्हटलं, माझ्यासंगं त्यालाही विमान दाखवू. (कुणाला न्यायचा असेल तर मोठ्या बॅगेत घाला. हातातल्या बॅगेत एवढं पाणी चालत नाही.)

वृषालीचा चेहरा उतरला. अजित म्हणाला, "आई, हे कशाला आणलंस?"

"मला इथे काही झालं तर? इथेच करशील, की पेटीत घालून धाडशील?"

"तुला काही होत नाही. शंभर वर्षं जगशील."

हा डॉक्टर! दिवसभर दुसऱ्यांच्या पोरांना समोर बसवून सांगतो, तुमच्या आईचं आता खरं नाही. स्वतःच्या आईला मात्र शंभर वर्षं वाटून टाकतो. याचे वडील गेले तेव्हा हा तिसऱ्या दिवशी पोचला. तो विषय निघाला की उठून चहा टाकायला जातो. चहा मात्र चांगला करतो. गडू त्याने स्वयंपाकघरातल्या प्रेसमध्ये, तिकडे कपाटाला प्रेस म्हणतात, पोह्यांच्या डब्यामागे ठेवून दिला. मी नंतरही विचारत राहिले. चहा होत राहिला.

मग एका शनिवारी त्याला सुट्टी मिळाली. किल्केनीच्या बाजूला एका लहान गावात जुनं चर्च आहे, चर्चच्या मागे वाचनालय, आणि त्यात साडेतीनशे-चारशे वर्षांपूर्वीच्या एका बिशपने लिहिलेल्या पोथ्या. वृषालीला त्या बघायच्या होत्या. बिशप म्हणजे मोठा पाद्री. हा इंग्लंडच्या राजाच्या पंथातला, आणि गावातली बाकी माणसं पोपच्या पंथातली. म्हटलं, म्हणजे यांच्यातही आपलं-तुपलं आहे. जरा घरच्यासारखं वाटलं.

ड्रोहेड्याहून गाडीने दोन-अडीच तास लागतात. डब्लिनच्या भोवतीच्या मोठ्या रस्त्यावर, एम फिफ्टीवर, टोलनाका दिसत नाही. कॅमेरा नंबर टिपतो, आणि दुसऱ्या दिवशी रात्री आठच्या आत फोनवरून पैसे भरायचे. विसरलात तर दंड. पुढे रस्ता सरळ. दोन्हीकडे हिरवं, मग हिरवं, मग मेंढ्या, मग हिरवं. वृषाली दर वळणावर "किती सुंदर!" म्हणत होती. मी म्हटलं, सुंदर आहेच, पण एकदा सांगितलं की कळतं. वाटेत एका पेट्रोलपंपाजवळच्या बाकावर थालीपीठ खाल्लं. चटणी घट्ट घ्या, कोरडी घेतली तर वारा खातो.

गावाचं नाव मी सांगणार नाही. वाचनालय नोरा नावाच्या एका बाईंच्या सवडीने उघडतं आणि त्यांनी गर्दी नको म्हणून विनवलंय. तिकीट नाही, दाराशी पेटी आहे, मनाला येईल ते टाकावं. शनिवारी गाडी चर्चच्या फाटकाशी लावू देतात.

आत थंडी आणि जुन्या चामड्याचा वास. नोराबाईंनी हात धुवून पुसले, एक जाड पुस्तक काढलं आणि उशीवर ठेवलं. पुस्तकाला उशी, मला लाकडी खुर्ची. पण बाई गोड.

"या तुमच्या माणसाने सगळ्यासाठी प्रार्थना लिहून ठेवलीय," त्या म्हणाल्या. तिकडे परक्यालाही 'तुमचा माणूस' म्हणतात. वृषाली मला मराठीत सांगत होती. उठल्यावर काय म्हणावं, जोडे घालताना काय, नोकरावर राग आला तर काय, जेवण जास्त झालं तर काय.

मी म्हटलं, "माझ्या सासूलाही सगळ्यावर बोलायची हौस होती. तिचं कुणी छापलं नाही."

वृषालीने हे नोराबाईंना सांगितलं. त्या इतक्या हसल्या की पुस्तकापासून लांब सरकल्या.

"मरणाबद्दल काय म्हणतो तो?" मी विचारलं.

त्यावर तर त्याने ढीगभर लिहिलं होतं. नोराबाईंनी पान काढलं आणि सावकाश वाचायला लागल्या. वृषाली म्हणाली, "अजित, हे तू सांग. जुनं इंग्रजी मला नाही झेपत." (सूनबाई आत्ता लिहिताना हसतेय. झेपतं तिला.)

अजित खिडकीशी उभा होता, तो माझ्या खुर्चीशी आला. "म्हणतो की... आजारी माणसाशी खोटं बोलू नये."

"पुढे?"

"जिभेत बळ आहे तोवर त्याला बोलू द्यावं. आपल्याला ऐकवत नाही म्हणून त्याचं तोंड बंद करू नये."

"शहाणा आहे. पुढे?"

"मुलांनी जवळ बसावं. आणि... विचारावं, तुझी इच्छा काय आहे."

"पुढे?"

"पुढे काही नाही. पान संपलं."

मला अक्षर येत नाही, पण शाई कुठवर आहे ते दिसतं. निम्मं पान बाकी होतं. नोराबाई हाताची घडी घालून थांबल्या होत्या. मी म्हटलं, "बरं, चला. भूक लागली."

चौकात चहाचं दुकान आहे. स्कोन घ्या, म्हणजे जाडसर गोड पाव, लोण्याबरोबर. एक दोघांना पुरतो, आणि चहाची किटली भरून येते. किटली आयती समोर आल्यामुळे अजितला उठायला कारण उरलं नाही. त्याने कप फिरवला, परत फिरवला आणि म्हणाला, "आई, तुझी इच्छा काय आहे?"

"इथे गेले तर इथेच कर. पेटी नको. पाणी तू घाल. राख सवडीने कृष्णेत सोड."

"डब्लिनला सोय आहे. तू आलीस त्याच आठवड्यात मी चौकशी केली."

"मग बोलला का नाहीस?"

"दुसऱ्या कुणाच्या आईसाठी करावी तशी केली होती."

वृषाली बाहेर बघत होती. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं. मग तो म्हणाला, "आणि कराडला झालं तर? बाबांच्या वेळेसारखं..."

"स्कोन खा," मी म्हटलं. "गार होतोय."

बघा, चहा टाकायची पाळी माझ्यावरही आली.

मी कराडला परत निघाले त्या दिवशी वृषालीने गडू काढून बॅगेजवळ ठेवला. मी तो पुन्हा पोह्यांच्या डब्यामागे नेऊन ठेवला. तिने बघितलं आणि डबा नीट सरकवला.

आता कराडला आहे. फोनवर बोलून पाठवते, ती तिकडे लिहून काढते. सहल कशी झाली म्हणाल तर रस्ते चांगले, स्कोन चांगला, मेंढ्या जास्त. बिशपचं नावही आठवत नाही. देव्हाऱ्यात गडूच्या जागी गोल डाग राहिलाय, घासला तरी जात नाही. काल शेजारची शेवंता आली आणि तिने तो बरोब्बर हेरला.

"अगं, गडू कुठाय? तिकडंच इसरलीस? आणि तुला हितं काय झालं तर?"

"तर अजितला तो घेऊन यावं लागेल," मी म्हटलं.

"आनि येळंत न्हाई पोचला तर?"

"थांबेन की. घाई कुणाला आहे?"

हे बिशपच्या पोथीत नाही, हे माझं आहे. सूनबाई, एवढं गाळू नकोस. चहाच्या दुकानात त्याने विचारलं होतं त्याचं हे उत्तर, आणि तुझा ब्लॉग तो वाचतो, मला ठाऊक आहे.