माईनं चटका दिला नव्हता

सिनेमात सावत्र आई दिसली, की तिनं काही करण्याआधीच तुम्ही तिला दोषी ठरवता ना? का ठरवता? — मला विचाराल, तर त्यामागे माझी एक गोष्ट आहे. ती मी आजवर कुणालाच सांगितलेली नाही.

गेल्या वर्षी भंडाऱ्याच्या एसटी स्टँडवर मी एक पत्रक वाटलं. सिनेमावाले सावत्र आईला चेटकीण करून गल्ला भरतात, असं त्यात ठणकावून लिहिलं होतं. लोकांनी पाठ थोपटली. मी ती थोपटू दिली — कोणत्या तोंडानं?

मी तेव्हा नऊ वर्षांचा असेन. आई वारल्यावर बाबांनी विधवा माईशी पाट लावला. तिच्याबरोबर तिची मुलगी सुमन आली, सात वर्षांची. दिवाळीनंतर आमच्या नाकाडोंगरीच्या मंडईत, म्हणजे जत्रेत, तंबूतला सिनेमा आला. माईच आम्हा दोघांना घेऊन गेली. पडद्यावरच्या सावत्र आईनं पोराला तापल्या चिमट्यानं डागलं. बायका तोंडाला पदर लावून रडल्या. मी मात्र पडद्याकडे पाहतच नव्हतो; मी पाहत होतो सुमनकडे — ती माईच्या मांडीवर झोपली होती.

दुसऱ्या दिवशी विहिरीवर शेजारच्या काकूनं माझा हात धरला. "काहून रे बाबू, हे काय झालं? नव्या मायनं चटका देल्ला का?"

चटका धान उकडायच्या हंड्याचा होता. माई नको नको म्हणत असताना मीच हात लावला होता. खोबरेलही तिनंच लावलं होतं. मी म्हणालो — हो.

विहिरीवरच्या बायकांनी मला जवळ घेतलं, मूठभर मुरमुरे दिले. ते गोड लागले — हेही सांगायलाच हवं.

संध्याकाळपर्यंत ते बाबांच्या कानावर गेलं. ते माईवर गरजले, "आपल्या पोरीले पोसते अन् माझ्या पोराले जाळते? तिले मामाकडे धाड!"

माई माझ्याकडे वळली. "सांग ना, बाबू." एवढंच. मी खाली पाहत राहिलो.

सुमन गेली. तिची शाळा सुटली; मामाच्या बकऱ्या राखणं तिच्यामागे लागलं. आणि माई? तिनं त्यानंतरही रोज मलाच आधी वाढलं.

पत्रकात यातलं एक अक्षर नव्हतं. विहिरीवरच्या त्या बायकांना वाचता येत नाही, आणि त्यांच्यासमोर उभं राहायचं धाडस माझ्यात अजून आलेलं नाही. तुमचं नाकाडोंगरीला जाणं झालं, तर हे त्यांना वाचून दाखवा. माई आजही त्यांच्यातच पाणी भरते. तिलाही ऐकू जाईल, एवढ्या मोठ्यानं वाचा.