ऋणमुक्तीची पूजा, पाच वर्षं आधी

ज्या दिवशी आमचं गृहकर्ज फिटलं म्हणून आम्ही पन्नास-साठ माणसांना जेवायला बोलावलं, त्या दिवशी ते फिटायला अजून पाच वर्षं बाकी होती.

ईशान, रेवा, ही गोष्ट तुमच्या बाबाने तुम्हाला सांगितली असेलच. पण तो तेव्हा अमेरिकेत होता, आणि तिथे बसून त्याने ती इतकी रंगवली आहे की हल्ली त्याच्या गोष्टीत बँकेचे साहेब खिडकीतून उडी मारून पळतात. तसं काही झालं नव्हतं. साहेब दारातूनच गेले, आणि पोटभर जेवून गेले. आता ईशान घर घ्यायचं म्हणतो आहे, तेव्हा खरी हकीकत तुमच्याकडे असलेली बरी.

इंदिरानगरचं हे घर आम्ही त्र्याण्णव साली घेतलं. कर्ज तीन लाखांचं, मुदत बारा वर्षांची. करारनामा इंग्रजीत होता आणि मी शाळेत इंग्रजी शिकवत होते, त्यामुळे तो वाचायचं काम अर्थातच माझं. मी तो शेवटच्या पानापर्यंत वाचला, आजोबांना मराठीत समजावून सांगितला आणि वर म्हणाले, "भाषा जरा बोजड आहे, पण विशेष काही नाही."

(विशेष काय होतं ते पुढे येतंच आहे.)

सात वर्षं सुरळीत गेली. मग तुमच्या बाबाला तिकडच्या विद्यापीठात प्रवेश मिळाला आणि घरातला पैसा नळ उघडा राहिल्यासारखा वाहू लागला. नेमके त्याच सुमारास व्याजाचे दर उतरले होते. मी बँकेत गेले आणि विचारलं, "हप्ता थोडा कमी होईल का?"

"किती कमी हवाय?" तिथल्या माणसाने विचारलं.

एखाद्या बँकेने गिऱ्हाइकाला असं विचारावं! मला तर भाजीवाल्याने "तुम्हीच भाव सांगा ताई" म्हटल्यासारखं वाटलं. मी आकडा सांगितला. त्याने दोन-तीन ठिकाणी सह्या घेतल्या आणि सव्वाचार हजारांचा हप्ता सव्वीसशेवर आला. मी येताना पेढे घेऊन आले.

तेवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण चांगली गोष्ट स्वतःपुरती ठेवायची नाही, ही माझी शिक्षिकेची खोड. आमच्या गल्लीत बऱ्याच जणांची कर्जं त्याच बँकेची होती. मी घरोघर सांगत सुटले. शेजारचे गायधनी भाऊजी तर माझ्या सांगण्यावरून दुसऱ्याच दिवशी जाऊन हप्ता कमी करून आले. त्यांनीही मला पेढे दिले.

अशी बारा वर्षं भरली. आजोबा सातपूरच्या कारखान्यात होते. आयुष्यभर पाळ्या केल्या त्यांनी: एक आठवडा सकाळ, एक दुपार, एक रात्र. त्या वर्षअखेरीला ते निवृत्त होणार होते. कंपनी म्हणत होती, अजून दोन वर्षं राहा. आजोबांनी मला विचारलं, "कर्ज संपलंय ना नक्की?"

"बारा वर्षं म्हणजे बारा वर्षं," मी म्हणाले. "मला मोजता येतं."

त्या सोमवारी त्यांनी कंपनीला नकाराचं पत्र देऊन टाकलं. संध्याकाळी घरी आले ते हसतच. म्हणाले, "आता रोज रात्री झोपणार. माणसासारखा." मग ते मुख्य रस्त्यावर जाऊन संगमरवराची एक पाटी सांगून आले. आठवड्याने फाटकाच्या खांबावर ती चार स्क्रूंनी पक्की बसवली. पाटीवर घराचं नवं नाव: 'ऋणमुक्ती'.

पाटी लागल्यावर पूजा आलीच. सत्यनारायण, मग जेवण, आणि मध्ये बँकेच्या साहेबांचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार! ही कल्पना माझी. घर ज्यांच्यामुळे झालं त्यांचे आभार नको का मानायला? मी आमंत्रण द्यायला बँकेत गेले. कर्जविभागाचे शिरोडे साहेब नव्यानेच बदलून आले होते, आणि त्यांच्या टेबलापुढे ही गर्दी.

"घराची पूजा आहे, तुम्ही यायलाच हवं," मी म्हणाले. "आणि आमचे कागद?"

"कागद अगदी व्यवस्थित आहेत आमच्याकडे. काळजीच करू नका," ते म्हणाले.

आता सांगा, यावरून कुठल्याही समंजस बाईचा काय समज होईल? मी खूश होऊन घरी आले आणि आभाराचं भाषण लिहायला बसले.

पूजेच्या दिवशी निफाडहून तुमच्या आजोबांची बहीण, आमच्या वन्सं, द्राक्षांची दोन खोकी घेऊन सकाळीच हजर झाल्या. रिक्षातून उतरल्या त्या ओरडतच.

"दादा, कर्ज फिटलं! लय भारी काम केलं बघ! आमच्याकडं नाय कुणाचं असं येळेवर फिटत."

"वन्सं, हळू. गल्लीला ऐकू जातंय."

"ऐकू दे की! चांगलंच हाय ना?"

पंचवटीतून गुरुजी आले. त्यांना दुपारी दुसरी पूजा होती, त्यामुळे कथेतला साधुवाणी त्या दिवशी समुद्रावरून विमानाने गेला म्हणायला हरकत नाही. आरती चालू असताना शिरोडे साहेब आले. फाटकापाशी थांबून त्यांनी पाटी वाचली.

"नाव फार आशावादी ठेवलंत," ते म्हणाले.

मी ते कौतुक समजले. म्हटलं, "सगळं तुमच्या कृपेने!"

आरती झाली. साहेबांना खुर्चीवर बसवलं. आजोबांनी पीतांबर सावरत त्यांच्या खांद्यावर शाल घातली, हातात नारळ दिला. मी भाषण सुरू केलं. पहिलं वाक्य मला अजून पाठ आहे: "आजच्या मंगल दिनी, आमच्या शेवटच्या हप्त्याच्या निमित्ताने..."

साहेबांनी हात वर केला. वर्गात मुलं करतात तसा.

"मॅडम, शेवटचा हप्ता कुठल्या कर्जाचा?"

"घराच्या."

"दुसरं घर आहे का तुमचं?"

"नाही हो! हेच!"

साहेबांनी एकदा माझ्याकडे, एकदा हातातल्या नारळाकडे बघितलं. "मॅडम, परवाच मी तुमचं खातं बघितलं, आमंत्रण आलं म्हणून. याला अजून पाच वर्षं आहेत. सव्वा लाख मुद्दल बाकी आहे."

स्वयंपाकघरात कढई खरवडल्याचा आवाज तेवढा बाहेर येत राहिला.

"म्हंजे?" वन्संनी विचारलं. "कर्ज हाय का नाय?"

"आहे," साहेब म्हणाले, आणि उभं राहून नारळ आजोबांना परत देऊ लागले.

"असू द्या, असू द्या!" आजोबा.

"नाही, पण तसं बरोबर दिसत नाही."

"अहो, राहू द्या हो!"

तो नारळ तीन-चार वेळा इकडून तिकडे गेला. शेवटी गुरुजींनी तो घेतला आणि आपल्या पिशवीत टाकला. म्हणाले, "वाद नको. प्रसाद वाटू या का?"

मी मात्र हट्टाला पेटले होते. "साहेब, आम्ही आजवर पाच लाखांच्या वर भरलेत! कर्ज होतं तीन लाखांचं!"

पानं मांडून झाली होती. साहेबांनी त्या पानांकडे बोट दाखवलं.

"मॅडम, हप्ता म्हणजे स्वयंपाक समजा. तो बँकेत आला की, करारनाम्यात लिहिलंय तसं, पहिल्या पंगतीला व्याज बसतं. ते जेवून उठलं की उरेल ते मुद्दलाच्या पानात. सुरुवातीच्या वर्षांत व्याजाची भूक मोठी, त्यामुळे मुद्दलाला थोडंच मिळतं. आता तुम्ही मध्ये हप्ता कमी केलात, म्हणजे स्वयंपाकच कमी केलात. व्याज काही कमी जेवत नाही. उपाशी राहिलं ते मुद्दल."

"पण दर उतरले होते ना?"

"त्याने हप्ता चिमूटभर उतरला. बाकीचा उतरला तो मुदत वाढवून. कागदावर तुमची सही आहे."

(सही माझीच. सुवाच्य. तळाशी तारीखसुद्धा.)

तेवढ्यात मागून एक आवाज आला, "वहिनी..."

गायधनी भाऊजी हातात द्रोण घेऊन उभे होते. चेहरा पांढरा.

"वहिनी, मला हप्ता कमी करायला तुम्हीच सांगितलंत ना?"

"आणि मला!" पलीकडच्या घरातून आलेल्या बाई.

"आम्हालाही!"

बघता बघता अर्धी गल्ली माझ्याकडे बघू लागली. मी प्रसादाचं ताट उचललं आणि भराभरा वाटायला लागले. कुणी तोंड उघडलं की त्यात शिरा! पण शिऱ्याने कितीशी तोंडं बंद होणार? पाचच मिनिटांत सगळे साहेबांच्या खुर्चीभोवती गोळा झाले. साहेब शाल पांघरून मध्ये बसले आणि एकेकाचं ऐकून घेऊ लागले. सत्यनारायणासमोर नव्हती एवढी गर्दी तिथे होती. आणि त्या गर्दीत सर्वांत पुढे कोण? गुरुजी!

"साहेब, माझं असं आहे," ते सांगत होते, "म्हसरूळला फ्लॅट घेतलाय, मुदत वीस वर्षं..."

"गुरुजी, तुमची पुढची पूजा!" मी आठवण केली.

"देव थांबेल हो. साहेब थांबायचे नाहीत."

या गोंधळात आजोबा कुठे दिसेनात. मी शोधत मागच्या अंगणात गेले. ते पीतांबर नेसलेले तसेच धुण्याच्या दगडावर बसले होते.

"उद्या कंपनीत जातो," ते म्हणाले. "सांगतो तिथल्या साहेबांना, पत्र परत घेतो म्हणून. दोन वर्षं काय, जातील अशीच."

रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. ते रागावले नाहीत. पीतांबराच्या निऱ्या नीट करत राहिले. मी तशीच आत आले आणि गर्दीतून वाट काढत साहेबांसमोर उभी राहिले.

"साहेब, यावर काही उपाय आहे की नाही ते सांगा. यांनी आयुष्यभर रात्रपाळ्या केल्यात. आता मी यांना पुन्हा पाठवणार नाही."

साहेबांनी विचारलं, "काही शिल्लक आहे का?"

"आहे की!" माझी मान जरा वर झाली. "मुदत ठेवी आहेत. तुमच्याच बँकेत. लाखभर रुपये. मी स्वतः जमवलेत."

साहेबांनी डोळे मिटून घेतले. मला वाटलं, मनातल्या मनात कौतुक करतायत.

"मॅडम, म्हणजे तुम्ही आम्हाला एक लाख स्वस्तात दिलेत, आणि आमच्याकडून सव्वा लाख महाग घेतलेत. मधला फरक दर महिन्याला आमच्या खिशात."

"पण त्या ठेवी अडीअडचणीसाठी आहेत!"

"मग ही अडचण नाही तर काय आहे?"

वन्सं इतका वेळ गप्प होत्या. (हा त्यांचा विक्रम असावा.) त्या म्हणाल्या, "वैनी, मोडा त्या पावत्या. आन् आडी-नडीला आमी हाय ना निफाडात! द्राक्षं खाऊन कुनी उपाशी मेलंय का?"

साहेबांनी तिथेच मार्ग आखून दिला. ठेवी मोडून लाख रुपये एकदम मुद्दलात भरायचे, उरलेल्यासाठी हप्ता पुन्हा पूर्वीइतका करायचा. म्हणजे दिवाळीच्या आत कर्ज संपणार होतं. आजोबांची निवृत्ती त्याच्याही नंतर होती!

मी परसात धावले. "अहो, उठा. पत्र परत घ्यायचं नाही."

"का?"

"मुद्दलाला जेवायला बसवायचंय. मग सांगते. आधी पंगतीला चला, पानं वाळतायत."

त्या दिवशी आमच्याकडची पंगत संध्याकाळपर्यंत चालली. कुणी शिव्या दिल्या नाहीत. उलट त्यानंतर महिनाभरात गल्लीतल्या बऱ्याच जणांनी हप्ते वाढवून घेतले. कुणी दिवाळीचा बोनस मुद्दलात भरला, कुणी पतसंस्थेतून आलेला लाभांश. गायधनी भाऊजींचं कर्ज ठरल्याहून कितीतरी आधी फिटलं. त्यांनी मला पुन्हा पेढे दिले. मात्र या वेळी बँकेत जाताना मला काही विचारलं नव्हतं, हे त्यांनी आवर्जून सांगितलं.

आमचं कर्ज दसऱ्यानंतर लगेचच संपलं. घराचे कागद खरोखरच हातात आले. दुसऱ्या पूजेला शिरोडे साहेब आले ते आधी आमचं खातं दोनदा तपासून. वर्षअखेरीला आजोबा निवृत्त झाले आणि पहिली रात्र अशी झोपले की मी दोनदा उठून श्वास चालू आहे ना ते पाहिलं.

तेव्हा ईशान, कर्ज घे, घर घे, काहीच भिऊ नकोस. फक्त हप्ता किती एवढंच विचारू नकोस. सगळं फिटेपर्यंत एकूण किती जाणार, ते विचार. आणि चार पैसे हातात आले की मुद्दलाचं पान वाढ. लवकर वाढलेलं जास्त पुरतं.

आजोबांनी निवृत्तीनंतरच्या पहिल्याच महिन्यात स्वयंपाकघर ताब्यात घेतलं. कारखान्याच्या स्टोअरसारखे सगळे डबे उंचीप्रमाणे लावले, त्यामुळे साखर आणि मीठ शेजारी आली. दूध तापायला किती वेळ लागतो, मी पोळी किती सेकंदांत उलटते, फोडणीत कुठे वेळ वाया जातो, याची रोज संध्याकाळी मला समज मिळू लागली. मी सहनशील बाई आहे. दोन महिने काढले. तिसऱ्या महिन्यात पर्स घेतली आणि सरळ शिरोडे साहेबांसमोर जाऊन बसले.

"साहेब, कर्ज हवंय."

"आता कशासाठी?"

"कशासाठीही चालेल. फक्त हप्ता एवढा मोठा हवा की यांना उद्यापासून नोकरीवर जावं लागेल. आणि मुदत, तुमच्याकडे असेल ती सगळ्यात लांबची."

साहेबांनी कपाळावर हात मारला. "मॅडम, निवृत्त माणसाला एवढं लांबचं कर्ज आम्ही देत नाही."

बारा वर्षं जी बँक मला सोडायला तयार नव्हती, तिने खऱ्या अडचणीच्या वेळी मला असं रिकाम्या हाताने घरी पाठवलं!