परबांची दरखास्त

बेलीफाच्या नोकरीत परबांनी कधी कुणाच्या दाराची बेल वाजवली नाही. बोटाच्या पेरांनी तीनदा टकटक करायचे आणि लगेच दोन पावलं मागे सरायचे. मी कौटुंबिक न्यायालयात नवा बेलीफ म्हणून लागलो, तेव्हा मला हसू यायचं. ते म्हणाले, "आतलो माणूस आधीच घाबरलेलो असता रे. तेका आपला तोंड बघूंक दी." भांडणाऱ्या नवरा-बायकोंच्या घरी कोर्टाचे कागद पोचवणं हे आमचं काम. जुहूला एका बाईने अंगावर कुत्रं सोडलं, तर परब कागद देऊन आले, वर कुत्र्याचं नावही विचारून आले.

अशा माणसाच्या स्वतःच्या हातातला आदेश मात्र कुणी पाळत नव्हतं. मुलीला, सईला, दर रविवारी चार तास त्यांच्याकडे पाठवायचं, असं घटस्फोटाच्या वेळी कोर्टाने सांगितलं होतं. सई बोरिवलीला आईजवळ, परब भांडुपला एकटे. रविवारी ते तिच्यासाठी घावणे करून ठेवत. सोमवारी डब्यात शिळे घावणे निघाले की मी काही विचारत नसे. दोन वर्षांत एकही सोमवार चुकला नाही. मला परबांचा राग यायचा.

"अहो, दरखास्त टाका ना! जगाला तुम्हीच शिकवता."

"ता खरा रे," म्हणत ते घावणा माझ्यापुढे सरकवायचे.

शेवटी त्यांनी आदेशाच्या अंमलबजावणीसाठी दरखास्त टाकली. आईने नोटिसांना भीक घातली नाही, तेव्हा पोलीस नेऊन भेट घडवा, असा हुकूम निघाला. स्वतःच्या प्रकरणात बेलीफाला काम करता येत नाही, म्हणून ते माझ्याकडे आलं. परब अर्जदार म्हणून सोबत होते, नवा शर्ट घालून.

दार सईनेच उघडलं. नऊ वर्षांची, एकच वेणी घालून झालेली. मागे आई उभी. सईने हवालदाराला पाहिलं, मग वडिलांना.

"बाबा, मला पकडून न्यायला आलात?"

परबांकडे मला बघवेना.

"नाय गो बाय. कितक्या मोठा झालंस, ता बघूंक इलंय."

शाळेचं काहीबाही विचारून ते जिना उतरायला लागले. मी मागे धावलो. "परब, चार तासांचा आदेश आहे. आत्ता नेता येईल तिला!"

"पोलिसान आणलेली पोरगी माझ्या घरात जेवतली काय?"

मी अहवालाचा कागद काढला. आईने आदेश मोडला असं लिहिलं असतं, तर कोर्टाने तिला सोडलं नसतं.

"भेट झाली, असा लिही," परब म्हणाले.

"दोन मिनिटांची?"

"झाली मां? मगे लिही."

मी लिहिलं. लिहायला नको होतं, असं मला आजही वाटतं. त्या एका ओळीवर, आदेश पाळला गेला असं धरून, दरखास्त निकाली निघाली. सईला भेटायचा तेवढाच मार्ग त्यांच्याकडे उरला होता, आणि तो असा बंद होणार हे त्यांना माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक होतं.

निकालाच्या दिवशी परब कोर्टात नव्हते. मुलुंडच्या एका बापाला त्याची मुलगी भेटवायचा आदेश निघाला होता, तो बजावायला गेले होते.