आबांनी साहेबाला दिलेला शब्द

आमच्या घरात किस्से शोधावे लागत नाहीत. पलटणीतला रिटायर्ड हवालदार बाप आणि अहिंसावादी मुलगा एका छपराखाली ठेवले की किस्से चुलीतल्या राखेसारखे जमतात. रोज उपसा, रोज तेवढेच! मित्र ऐकून हसतात. हसा लेको, तुम्हाला कुठे राहायचंय तिथे?

आबा पहिल्या महायुद्धात बसऱ्याला जाऊन आले, ही बातमी खालापुरात कुणाला दोनदा ऐकल्याशिवाय जगता आलेलं नाही. मी बेचाळीसच्या धामधुमीत पुण्याचं कॉलेज सोडलं आणि खादी घालून घरी आलो. आबांनी त्याच आठवड्यात कर्जतच्या भरतीवाल्या साहेबाला शब्द देऊन टाकला, "माझा पोरगा देतो." दारातलं वासरूच जसं काही!

मला म्हणाले, "येता उन्हाळा सरायच्या आत भरती. नायतर या घरात पाय ठेवायचा नाय."

"मी बंदुकीला हात लावणार नाही."

"मंग कशाला लावणार?"

"चरख्याला."

आय भाकरी थापत होती. म्हणाली, "दोगं बी येकदा चुलीला हात लावा रं!"

* * *

तर चरखा. आबांनी पहिल्याच सकाळी त्याचं इन्स्पेक्शन घेतलं. "तेल नाय. धूळ बसलीय. असं हत्यार पलटणीत ठेवलं असतंस तर आठ दिवस कोठडी!"

मग स्वतःच मांडी घालून बसले. चाक काढलं, चाती काढली, खुंट्या काढल्या, सगळं पुसून तेल लावून ओळीत मांडलं. आणि मग दुपारपर्यंत त्या ओळीकडे बघत बसले. जोडता येईना!

शेवटी उठले आणि माझ्यावरच ओरडले, "रायफल असती तर डोळं मिटून जोडली असती!"

* * *

पुढे गावच्या हवाई हल्ला बंदोबस्ताचं काम आबांकडे आलं. एक शिट्टी मिळाली. तेवढ्यावर त्यांनी फर्मान काढलं, औंदा कुणी राब भाजायचा नाही. धूर बघून जपानी विमान येईल!

भाताच्या रोपांसाठी शेणपाला पसरून जमीन भाजायची, हे आमच्याकडे बापजाद्यांपासून चालत आलेलं. राब नाही तर रोप नाही, रोप नाही तर भात नाही. धोंडूकाका शेजारच्या बांधावरून म्हणाले, "हवालदार, जपानी आला तर येऊ द्या की. खाली उतरंल नि म्हनंल, शेण कमी टाकलंस रं धोंड्या!"

आबा शिट्टी फुंकत राहिले. चार दिवसांनी भल्या सकाळी गावात एकाच शेतातून धूर निघत होता. आमच्या!

धोंडूकाका कमरेवर हात ठेवून उभे. आबा धुरातून खोकत बाहेर आले आणि म्हणाले, "ह्यो धूर सरकारी हाय."

* * *

आमच्या अहिंसेच्या बाजूची वडीलधारी माणसं काही वेगळी नव्हती. ज्यांनी मला लहानपणी वेताच्या छडीने अहिंसा शिकवली, ते गुरुजी आबांचं मतपरिवर्तन करायला आले. पहिला चहा होईपर्यंत प्रेमाने जग जिंकायचं ठरलं. दुसऱ्या चहाला आबा म्हणाले, "गुरुजी, तुमी कधी मार खाल्ल्याला दिसत नाय."

गुरुजींनी कपबशी फेकून मारली!

आबांनी कोटावरचा चहा शांतपणे झटकला आणि मला हाक मारली. "बघून ठेव रं. लढाई मी सुरू केली नाय."

* * *

एकदा ओटीवर आबा बसऱ्याचं सांगत होते. तिथलं पाणी कसं, माश्या कशा, खजूर कसा. तासभर. मला वीट आला. विचारलं, "आबा, तुम्ही माणसं किती मारलीत?"

ते उठले. जोडे घालत म्हणाले, "गुरं सोडायची येळ झाली."

भर दुपार होती. गुरं सकाळीच रानात गेली होती.

* * *

भरतीचा दिवस आला. कर्जतपर्यंत आम्ही चालत गेलो. आबा पुढे, कोटावर मेडलं. मी मागे, डोक्यात इंग्रजी भाषण. ही लढाई आमची नाही, हे साहेबाच्या तोंडावर सांगायचं, मग तुरुंगात टाकलं तरी बेहत्तर!

शाळेच्या पटांगणात टेबल मांडलं होतं. गोऱ्या साहेबाने माझी छाती मोजली, दंड दाबला आणि खूश होऊन म्हणाला, "हवालदार, फस्ट क्लास लडका! सीधा बर्मा भेजेगा."

मी घसा साफ केला. तेवढ्यात आबांनी खाडकन सॅल्यूट ठोकला.

"साहेब, लडका बहिरा है. जनम से."

माझं भाषण घशातच राहिलं. साहेबाने आबांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. उठला, सावकाश माझ्या पाठीमागे गेला आणि कानाशी गरजला, "अटेन्शन!"

मी हललो नाही. गोऱ्याच्या हुकमावर हलायचं नाही, हे तर माझं तत्त्वच!

पण शेजारी टाचा वाजल्या. आबा ताठ उभे, हनुवटी वर, हात मांड्यांना चिकटलेले.

साहेबाने त्यांच्याकडे बघितलं, मेडलांकडे बघितलं. मग हात झटकून म्हणाला, "नेक्स्ट!"

परत येताना गाव दिसायला लागलं. शेवटी मला राहवेना. म्हटलं, "आबा, तुम्ही साहेबाशी खोटं बोललात?"

आबा मागे न वळता चालत राहिले.

"मोठ्यानं बोल रं," म्हणाले. "ऐकू येत नाय."