केंटचे निकाल

मतमोजणीच्या दिवशी आमच्या घरात सकाळपासून टीव्ही चालू असतो. दुपारपर्यंत तो तापतो, तापलेल्या धुळीचा वास सुटतो आणि मला एका जागी बसवत नाही.

तोच वास औरंगाबादला रशीदचाचांच्या रेडिओला यायचा. तेव्हा निजामाचं राज्य होतं. विलायतेत निवडणूक झाली होती आणि आमचे हे शेजारी रेडिओला कान लावून केंट नावाच्या जिल्ह्यातले निकाल आम्हाला सांगत होते. माझा थोरला भाऊ तुरुंगात होता. आम्हालाही मत देऊ द्या, असं भर चौकात ओरडला म्हणून. आई ऐकायला आली होती खरी, पण सारखी उठायची, दारापर्यंत जायची, परत यायची.

"पुराना मेंबर हार गया," चाचा म्हणाले. "लई वर्षं निवडून येत होता, भाभी."

आई थबकली. "मग आता त्याला कुठं ठेवतील, भाईसाब?"

"ठेवतील कशाला? घरी जाईल."

"आपल्या पायानं?"

"व्हय. जीतनेवाल्याशी हात मिळवून."

मला तेव्हा आईच्या अडाणीपणाचं हसू आलं होतं. आता टीव्हीवर हरलेला उमेदवार दिसला, की मी त्याचा पक्ष बघत नाही. तो घराकडं निघालाय ना, एवढंच बघते.

रेडिओ पुढचा मतदारसंघ सांगत होता. आई चपला शोधू लागली.

"आमचा तर उभाबी राहिला नव्हता," ती म्हणाली.