कँटनला बायका नेत नाहीत

रियाधच्या मराठी बायकांत चीनबद्दल काही विचारायचं झालं तर हफीजा परकारला विचारायचं, हा अठरा वर्षांचा शिरस्ता. चिनी हीटर दोन हिवाळे टिकेल की एक, तिकडे हलाल काय मिळतं, चिनी माणूस 'हो' म्हणतो तेव्हा त्याच्या मनात काय असतं, सगळ्याची उत्तरं तिच्याकडे तयार. बाई चीनला एकदाही गेली नव्हती, ही गोष्ट वेगळी. नवरा जातो ना वर्षातून दोनदा, एप्रिलात आणि ऑक्टोबरात! डॉक्टरांच्या बायका औषधं सुचवतात, मग हिनेच काय घोडं मारलंय?

नवरा, म्हणजे दाभोळचा यासीन परकार. रियाधच्याच अल सुलै भागात त्याचं गोदाम आहे आणि गोदामात छतापर्यंत कहव्याचे, म्हणजे अरबी कॉफीचे थर्मास. सौदी घराच्या बैठकीत सोनेरी चोचीचा जो ऐटदार थर्मास असतो, तो अस्सल अरबी दिसावा म्हणून चिनी कारागीर फार मेहनत घेतो, आणि तो अरबाच्या घरी पोचवायला मात्र दाभोळचा माणूस लागतो. माल निवडायला यासीन जातो त्या शहराला जग ग्वांगझो म्हणतं. यासीन जुन्या माणसांसारखा कँटनच म्हणतो.

तिसऱ्या की चौथ्या खेपेला हफीजाने विचारलं होतं, "अवो, मला कधी नेणार?"

यासीन जेवत होता. मान वर न करता म्हणाला, "कँटनला बाहेरच्या व्यापाऱ्याला बायको नेता येत नाही. कायदा आहे. बायका मकावला ठेवायच्या, पुरुषाने पुढे जायचं."

आणि हफीजाने ते मानलं. हसू नका. तेव्हाच्या रियाधमध्ये राहणाऱ्या बाईला त्यात वावगं काय दिसणार? हॉटेलात फॅमिलीचा दरवाजा वेगळा, सड्या पुरुषांचा वेगळा. बाईने गाडी चालवायची नाही. नवऱ्याच्या इकाम्यावर, म्हणजे राहण्याच्या परवान्यावर, धंदा कुठला लिहिलाय त्यावर बायकोचा व्हिसा ठरायचा. जगात सगळीकडे थोडंफार असंच असणार, चीनमध्ये जरा जास्त, एवढाच हिशेब तिने केला आणि ताटात भात वाढला.

हा कायदा उघडा पडला तो विभावरीमुळे. विभावरी बँकेतल्या साहेबाची बायको. पुण्यात कॉलेजात इतिहास शिकवायची, आणि इथे आल्यापासून ऐकणारं गिऱ्हाईक शोधत असते. महिन्यातल्या एका शुक्रवारी बायका तिच्याकडे जमतात, आपापला डबा आणतात आणि त्या डब्याच्या भरवशावर व्याख्यान सोसतात. मागच्या वेळी विषय दागिन्यांचा होता, सगळ्या ताठ बसल्या होत्या. या वेळी चिनी बंदरांतले परदेशी व्यापारी. निम्म्या फोनवर, निम्म्या समोशावर. ताठ बसली होती ती एकटी हफीजा. तिच्या घरचाच विषय.

विभावरीने हजार-बाराशे वर्षांपूर्वीपासून सुरुवात केली. अरब आणि इराणी व्यापारी कँटनला कसे यायचे, त्यांचा मोहल्ला वेगळा, त्यांचा काझी वेगळा. मग गोरे आले. त्यांना नदीकाठच्या तेरा वखारींच्या ओळीत कोंडून ठेवलेलं. मुंबईचे पारशी त्यांच्याच शेजारी, कापूस घेऊन आणि, सांगायला नको, अफूसुद्धा. "आणि प्रत्येक जहाजाला एक चिनी व्यापारी जामीन लागायचा बरं का. परदेशी माणसाने आगळीक केली की मान ह्याची."

"म्हणजे आपल्याला इथे लागतो तसा कफील," हफीजा म्हणाली.

फोनवाल्या बायकांनीही माना वर केल्या. विभावरी खूश. "अगदी कफील, भाभी. आणि चिनी भाषा शिकायची बंदी, शहरात फिरायची बंदी, आणि बायकांना तर..."

"बायका मकावला," हफीजाने वाक्य पुरं केलं.

"तुम्हाला कसं माहीत?"

"ह्यांना दर खेपेला तोच ताप. अजून नेऊ देत नाहीत."

विभावरीने चष्मा काढला, पुसला, परत लावला. "भाभी, तो नियम अठराशे बेचाळीसच्या तहात गेला."

"गेला म्हणजे?"

"उठला."

कोपऱ्यातून एकीने सांगितलं की तिची भाची मागच्याच वर्षी नवऱ्याबरोबर ग्वांगझोला गेली आणि चार पर्सा घेऊन आली. दुसरीने, कोणी विचारलेलं नसताना, चिनी बायकांची कातडी कशी तुकतुकीत असते ते सांगितलं. हफीजाने समोसा संपवला, हात पुसले आणि सगळ्यांचा हसून निरोप घेतला. रडायचं ते गाडीत, हा तिचा नियम; पण गाडीतही रडू येईना. एकच गोष्ट डोक्यात घणघणत होती. बायकोने बघू नये असं तिकडे आहे तरी काय?

घरी आल्याआल्या तिने जुबैलला राहणाऱ्या अस्माला फोन लावला. अस्माचा नवरा उमैर यासीनबरोबरच कँटनला जातो, एकाच खोलीत उतरतात.

"अस्मा, उमैर तुला कँटनला का नेत नाही गो?"

"कायदा नाही का, भाबी? बायका मकावला."

हफीजाला हायसं वाटलं आणि दुसऱ्या क्षणी धास्तीही वाटली. दोघांची मिळून एक बाई असणं कठीण. पण दोघांचं मिळून एक खोटं तर होतंच.

असरच्या नमाजानंतर यासीन चहाला बसला. हफीजाने आवाज साखरेसारखा केला.

"अवो, तिकडे तुमचा कफील कोण?"

"चीनला कफील नसतो."

"पूर्वी असायचा म्हणे. चिनी बोलायला बंदी आहे ना?"

"कुणी सांगितलं? उमैर फडाफडा बोलतो."

"आणि शहरात फिरायला?"

"मेट्रो आहे की."

"म्हणजे सगळे कायदे उठले. बायकोचा तेवढा राहिला."

यासीनच्या हातातला रस्क चहात मोडून पडला. तो त्या रस्ककडे बघत राहिला, जणू तोच आता काही बोलेल.

"अठराशे बेचाळीसला उठला तो. विभाताईने साल सांगितलं."

"विभाताई होती काय तिकडे तेव्हा?"

"विषय बदलू नका. कोण आहे तिकडे?"

"चार जण आहेत."

"चार?"

"उमैर, आणि दम्मामचे तिघे. अगो, एका खोलीत पाच जण राहतो आम्ही." मग तो हळूहळू वितळला. पहिल्या खेपेला बाहेर खायची धास्ती, दहा दिवस बिस्किटांवर काढले. बाथरूम शोधत एका म्युझियममध्ये शिरला, तिथल्या पाटीवर तो बायकांचा कायदा वाचला. तेव्हा नुसता हसला होता. दुसऱ्या खेपेला इथून तांदळाचं पीठ नेलं.

"पीठ कशाला?"

"घावनांना."

"कोण करतं घावनं?"

"मी."

हफीजा बघतच राहिली. हा माणूस घरी 'पाणी' म्हणतो आणि व्हिसाची वाट बघावी तसा ग्लासची वाट बघतो.

"बाप माझा जहाजावर भंडारी. पाचशे माणसांचं जेवण करायचा, सुट्टीत मला शिकवायचा. तिकडे सगळे मलाही भंडारीच म्हणतात. उमैर भांडी घासतो, बाकीचे कपडे धुतात. तुम्ही बायका आलात तर हे सगळं दिसणार. म्हणून पाटीवरचा कायदा पाचांनी ठरवून घरी सांगितला."

"लग्नाला चोवीस वर्षं झाली. कधी बोलला नाहीत."

"पहिल्या दिवशी तू चहा आणून दिलास. चांगला होता. म्हटलं, कशाला बोला."

ह्यावर बायको काय करते? ओरडते. हफीजा ओरडली नाही. पुरुष सापडला की गोष्ट रचतो, आणि ही गोष्ट जरा जास्तच गोड होती. ती एवढंच म्हणाली, "उद्या शनिवार. सकाळी करून दाखवा."

सकाळी यासीन ओट्यापाशी उभा राहिला. कुठे काय आहे ते विचारलं नाही. पीठ भिजवलं, ताकासारखं पातळ. कांदा अर्धा कापला, काट्याला टोचला, तेलात बुडवून तव्यावरून फिरवला. मग वाटी वर धरून काठाकडून आत असं ओतलं की तव्यावर चर्र झालं आणि बारीक जाळी पडली. झाकण. मोजून काही क्षण. कडा सुटल्या आणि घावन अलगद ताटात आलं, पांढरंशुभ्र, सासूबाईंच्या हातचं वाटावं असं.

हफीजाच्या छातीवरचा दगड त्या जाळीने उतरवला. अशी जाळी एका दिवसात पडत नाही, आणि चिनी बाई ती शिकवत नाही. माणूस खरं बोलत होता. आणि माणूस खरं बोलतोय हे कळल्यावर मग तिला राग आला. लेक इफरा झाली त्या वेळचे टाके ओले होते तेव्हा ती ह्याच ओट्यापाशी उभी राहून घावनं काढत होती, आणि हा टेबलाशी बसून म्हणाला होता, जरा जाड झालीत.

ती खुर्ची ओढून बसली. एक खाल्लं, दुसरं खाल्लं. पाचव्यानंतर बोट चाटत म्हणाली, "जरा जाड झालीत."

यासीनने पीठ थोडं पातळ केलं.

"ऑक्टोबरचं माझं तिकीट काढा. एक्झिट री-एंट्री व्हिसाचं पण बघा."

"तू तिकडे काय करणार? बाजारात चालून चालून पाय जातील."

"बाजारात कोण येतंय? मी खोलीवर बसून खाणार."

"पाच जणांच्या खोलीत?"

"ते तुम्ही पाच जण बघा."

यासीनने पुढचं घावन ओतलं तेव्हा तिच्या दुसऱ्या हातात फोन होता, आणि जुबैलला घंटी वाजत होती.

"अस्मा, पासपोर्टचे फोटो काढून घे. का ते सांगते नंतर. आणि सिंकमध्ये भांडी पडली असतील ना, ती आज तशीच राहू दे."