रुमालाबाहेरचा भाव

साल १९५६, मार्गशीर्षातला शनिवार. ठिकाण चाकणचा बाजार, अडत्याच्या दुकानापुढचा ओटा. माल आठ पोती तांबडा घेवडा, वजन वीस मण. मागितलेला भाव मणाला बावीस रुपये. हजर माणसं: जिचा माल ती माझी आत्या, तिचा धाकटा दीर, अडते शेटजी, पाच खरेदीदार आणि मी. बघे वेगळे. ते मोजायला मला सवड नव्हती.

मी तेव्हा पिंपरीच्या एका कारखान्यात स्टोअरमध्ये कारकून होतो. लग्न होऊन वर्ष झालं होतं. आत्याचं गाव चाकणपासून दोन कोसांवर. तिचे यजमान तीन वर्षांपूर्वी गेले होते, मुलगी लग्न होऊन सासरी होती आणि तीन एकर जमीन आत्या स्वतः करत होती. नांगरट तेवढी गड्याकडून घेई. पेरणी, खुरपणी, काढणी, झोडपणी सगळं तिचं आणि तिच्याबरोबरच्या बायकांचं. पिकाच्या बाबतीत तिला कुणी शिकवायला जात नसे. अडचण एकच होती. पीक पोत्यात भरलं की ते तिच्या हातातून जाई.

ते का, हे सांगायला हवं. चाकणला त्या काळी घेवडा, वाल, मटकी, हुलगा अशा मालाचा भाव तोंडानं होत नसे. अडत्या उजव्या हातावर रुमाल टाकायचा. रुमाल म्हणजे चांगला हात-दीड हात कापड. खरेदीदार एकेक करून पुढं यायचा, रुमालाखाली हात घालायचा आणि अडत्याची बोटं दाबायचा. एक बोट म्हणजे एक, दोन बोटं म्हणजे दोन, सगळा पंजा म्हणजे पाच. आधी रुपये, मग आणे. सगळ्यांचे हात फिरले की अडत्या एकाकडे मान हलवायचा आणि शेतकऱ्याला सांगायचा, "एवढ्याला गेला." कोण किती बोललं ते कुणालाच कळत नसे. शेतकरी पुरुष असला तर तो निदान स्वतःचा हात घालून आपली मागणी दाबू शके. बाईला तीही सोय नव्हती. परक्या पुरुषाचा हात रुमालाखाली धरणार कशी? म्हणून दोन वर्षं आत्याचा घेवडा दिराच्या हातानं विकला गेला. दोन्ही वर्षी दिराच्या मालापेक्षा आत्याच्या मालाला भाव कमी आला. "तुमचा दाणा बारीक हाय वहिनी," एवढंच तो सांगे. त्यानं काही खाल्लं असं मी म्हणत नाही. मला माहीत नाही, आणि माहीत नसलेलं मी लिहीत नाही.

तिसऱ्या वर्षी त्यानं दसऱ्याला घरच्या मोठ्या माणसांपुढं विषय काढला. बाईमाणसाला बाजार जमत नाही, मग राबून उपयोग काय? पुढल्या सालापासून शेत मला अर्धेलीनं द्या. राबणूक माझी, निम्मं पीक तुमचं. मोठ्यांना ते पटलं. आत्या म्हणाली, "यंदाचा बाजार होऊ द्या. माझ्या घेवड्याला भावजींच्या घेवड्याइतका भाव आला न्हाई, तर शेत त्यांचं." ते सगळ्यांनी मान्य केलं. त्यात एक कलम दिरानंच घातलं: बाजार तोच, अडत्या तोच.

हे आत्यानं मला पत्र लिहवून कळवलं आणि खाली विचारलं, "घेवडा बाहेर कुठं खपतो, ते तुला पिंपरीत कळंल का?"

पिंपरीच्या कॅम्पात सिंधी मंडळी येऊन तेव्हा आठ-नऊ वर्षं झाली होती. आमचं किराणा सामान तिथल्याच एका दुकानातून यायचं. दुकानदार पन्नाशीचा, बोलका. नुकताच दिल्लीला नात्यातल्या लग्नाला जाऊन आला होता. मी त्याला आत्याकडून आलेल्या घेवड्याचे चार दाणे दाखवले.

"अरे बाबू, हा तर राजमा!" तो म्हणाला. "तुमी लोक याची उसळ करता, लाज नाही वाटत? दिल्लीला भाताबरोबर वाडगा वाडगा खातात. लग्नात दोन दिवस तेच होतं."

"तिथं भाव काय?"

"दुकानात शेराला बारा आणे. माझ्या मेहुण्यानं माझ्यासमोर घेतला. आणि दाणा असा नव्हता. निम्मा किडलेला."

शेराला बारा आणे म्हणजे मणाला तीस रुपये. मी तिथंच काउंटरवर हिशेब मांडला. दिल्लीच्या दुकानदाराचा नफा, घाऊक व्यापाऱ्याचा नफा, रेल्वेचं भाडं, मुंबईची दलाली, पोतं, तूट. सगळं ढिलं धरून साडेसात रुपये. उरले साडेबावीस. चाकणला तर त्या आठवड्यात सतराची भाषा चालू होती.

दुकानदारानं मला बोटांची खूणही शिकवली. खांद्यावरचा टॉवेल काढून दोघांच्या हातांवर टाकला आणि गिऱ्हाईक खोळंबलेलं असताना मला सतरा, अठरा, साडेअठरा असं दाबून दाखवलं. रॉकेलसाठी डबा घेऊन उभी असलेली एक बाई शेवटी म्हणाली, "तुमचं लग्न ठरलं असेल तर मला तेल द्या."

शुक्रवारी मी रजा टाकून आत्याकडे गेलो. ठरलं असं, की बाजारात आत्याच्या वतीनं मी हात घालायचा. संध्याकाळी चुलीपुढं तिचं जुनं लुगडं हातांवर टाकून आम्ही सराव केला. आत्याची पकड खुरपं धरणाऱ्या हाताची होती. तिनं बावीस दाबले तेव्हा माझं मधलं बोट सुन्न झालं.

"दिल्लीला मानसं दुकानात जात्यात, भाव इचारत्यात, आन् दुकानदार तोंडानं सांगतो?" तिनं दोनदा विचारलं.

"हो."

"मग रुमाल फकस्त आपल्यालाच?"

मी म्हटलं, रीत आहे. किडू नये म्हणून घेवडा राखेत ठेवला होता, तो ती चाळायला उठली.

शनिवारी सकाळी दिराच्या बैलगाडीतून पोती चाकणला आली. दिरानं आपला माल आदल्याच शनिवारी विकला होता, मणाला साडेसतरा रुपयांनी. ते त्यानं वाटेत मला तीनदा सांगितलं. "साडेसतरा, पावणं. रोख. तुमच्या कारखान्यात महिनाभर वाट बघावी लागतीया."

ओट्यावर पोत्यांची तोंडं सोडली. खरेदीदारांनी मुठी भरून दाणा पाहिला. मुंबईच्या पेढीसाठी खरेदी करणारा एक जाडजूड माणूस होता, त्यानं दाणा दाताखाली घेतला. दाणा फुटला नाही, तेव्हा त्यानं तो हळूच थुंकला आणि जबडा चोळला. माल वाळलेला आहे याचा तो पुरावा होता.

मी पुढं होऊन शेटजींना म्हटलं, आत्याच्या वतीनं हात मी घालणार.

शेटजी हसले. "तुम्ही कारखान्यातले. हात धंद्यातला लागतो हो. एखादं बोट इकडचं तिकडं झालं तर मणामागं रुपयाचा फरक. त्यांचे दीर आहेत की."

दीर बाही सारून पुढं झालाच होता. शेटजींनी हातावर रुमाल टाकला. तेवढ्यात आत्या ओट्यावर चढली. बायका ओट्यावर चढत नसत; खाली पोत्यांपाशी बसत.

"शेटजी, थांबा. माल माझा हाय. रुमाल माझ्या हातावर टाका."

आधी सगळे हसले. मग हसणं थांबलं, कारण तिनं शेटजींच्या हातावरचा रुमाल उचलून खरंच आपल्या उजव्या हातावर टाकला आणि हात पुढं धरला.

"वहिनी, काय चालवलंय तुमी? चार मानसांत—"

"चार मानसं आन् आठ पोती. तुमी पोत्यांकडं बघा, भावजी." मग खरेदीदारांकडे वळून म्हणाली, "या. मला खूण येतीया. रुपये आधी, आणे मागनं. घाला हात."

कुणीही हालेना. पाच माणसं, पाचही बाजारात मुरलेली. पण विधवा बाईच्या हातावरच्या रुमालाखाली, सगळ्या बाजारादेखत, हात घालायची एकाचीही छाती होईना. मुंबईवाल्यानं हात धोतराला पुसला आणि तिथंच ठेवला. पुण्याच्या एका म्हाताऱ्या व्यापाऱ्यानं हात जोडले.

"बाई, आमाला संध्याकाळी घरी जायचंय."

"मग हात ऱ्हाऊ द्या. बोला."

"म्हंजी?"

"तोंडानं बोला. देवानं दिलंय ना?"

शेटजी आता चिडले होते. "अशानं बाजार मोडेल, बाई. रुमाल वडिलांपासून आहे."

"अडत कशाची घेता, शेटजी? माझा माल इकून द्यायची. मग माझ्या कानांदेखत इका. कुणी बोलायचं न्हाई म्हनत असंल, तर पोती गाडीत टाकते. माल राखंत हाय, किडत न्हाई. मला घाई न्हाई."

घाई तिला नव्हती, ती मुंबईवाल्याला होती. त्याचा वॅगनीचा माल पुरा व्हायचा होता. इतर गाड्यांवरची माणसं एव्हाना ओट्याभोवती जमली होती. तो इकडं तिकडं बघत, चोरी पकडल्यासारखा, म्हणाला, "सतरा."

माझ्या ऐकण्यात त्या ओट्यावर मोठ्यानं बोललेला तो पहिला भाव.

"साडेसतरा," म्हातारा व्यापारी म्हणाला.

"अठरा," तिसरा.

म्हातारा त्याच्याकडे वळला. "आरं, तू मगाशी चहा पिताना मला म्हनला, घेवडा नको, गोदाम भरलंय!"

"तुमी तरी सोळाच्या वर जायचं न्हाई म्हनला व्हता!"

भोवतीची माणसं हसायला लागली. आणि मग जे झालं ते रुमालाखाली कधीच झालं नसतं. प्रत्येकाला दुसऱ्याचा आकडा कळत होता, आणि प्रत्येकाचा आकडा सगळ्या बाजाराला कळत होता. अठराचे एकोणीस झाले. एकोणिसाचे वीस. वीसवर दोघं गळाले. साडेवीसवर तिसरा मागं सरला. उरले म्हातारा आणि मुंबईवाला.

एकवीसला दोघंही थांबले. शेटजी आत्याकडे बघून म्हणाले, "देऊन टाका आता. चाकणला एवढा भाव कुणी ऐकला नाही."

"कुनाला ऐकूच येत न्हवता, तर ऐकंल कसा? माझी मागणी बावीस."

"बाई, मालाला राख आहे," मुंबईवाला म्हणाला.

"राख हाय म्हनून किडा न्हाई. दिल्लीला निम्मा किडका माल शेराला बारा आण्यानं जातो. माझ्या भाच्यानं हिशोब केलाय. सांग रं."

मी सांगितला. रेल्वेभाडं, दलाली, पोतं, तूट, सगळं. आकडे बरोबर होते आणि ते बरोबर आहेत हे मुंबईवाल्याच्या चेहऱ्यावर दिसत होतं. दिल्ली हा शब्द ऐकून गर्दीतून कुणीतरी ओरडलं, "आरं, आपला घेवडा दिल्लीला जातोय व्हय!"

"बावीस," मुंबईवाला म्हणाला.

"बावीस, चार आणे," म्हातारा. त्याला आता माल हवा होता की मुंबईवाल्याला हरवायचं होतं, ते सांगता येत नाही.

"साडेबावीस. आणि बास."

म्हाताऱ्यानं टोपी काढून डोकं पुसलं आणि परत घातली. शेटजींनी तीनदा विचारलं. कुणी बोललं नाही.

आत्यानं हातावरचा रुमाल काढला, नीट घडी केली आणि शेटजींना परत दिला.

लोक ओरडले, शिट्ट्या झाल्या. एका कांदेवाल्यानं माझ्या पाठीवर एवढ्या जोरात थाप मारली, जणू घेवडा मीच पिकवला होता. आत्या मात्र काट्यापाशी गेली आणि प्रत्येक पोतं तोलताना मापं बघत उभी राहिली. पुढच्या शनिवारी आणखी दोन गाडीवाले आमचा माल बोलून विका म्हणून हट्ट धरून बसल्याचं मला नंतर कळलं. त्यातल्या एकाला जमलं, एकाला नाही.

दीर गाडीच्या जुवावर बसला होता. आत्या त्याच्याकडे गेली तेव्हा तो मान वर न करता म्हणाला, "माझा बी माल असाच व्हता की, वहिनी."

"व्हता की. दाणा तर तुमचा जाड."

मणाला पाच रुपये त्याचेही गेले होते, हे त्याला त्या क्षणी कळलं असावं.

"पुढल्या साली तुमचा बी बोलून इकू," ती म्हणाली. "शेताचं काय म्हनता?"

"काय म्हनायचं आता? करा तुमचं तुमी."

हे त्यानं मोठ्यानं म्हटलं, आणि ऐकणारे आम्ही दोघंच नव्हतो.

हिशेब असा झाला. वीस मण, साडेबावीस रुपये दरानं चारशे पन्नास. अडत शेकडा दोन, नऊ रुपये. हमाली पोत्याला दोन आणे, एक रुपया. तोलाई पोत्याला एक आणा, आठ आणे. निव्वळ चारशे एकोणचाळीस रुपये आठ आणे, शेटजींकडून आत्याला, रोख. तिनं ते स्वतः मोजले, मग मला मोजायला दिले, मग पुन्हा स्वतः मोजले. शेटजींनी हात जोडले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर राग उरला नव्हता. त्यांची अडतही वाढलीच होती.

मग तिनं दिराला विचारलं, गावापासून चाकणपर्यंत पोत्याला गाडीभाडं काय पडतं.

"वहिनी, घरच्या मानसाकडनं भाडं घ्यायचं व्हय?"

"अर्धेली मागताना घरचं मानूस आठवलं न्हाई ते? सांगा."

"सात आणे," तो शेवटी म्हणाला.

आठ पोती, सात आणे दरानं साडेतीन रुपये. तिनं त्याच्या हातावर ठेवले. त्यानं घेतले.